दहा सेंटचं कुंपण

लोक खेळ फुकट बघतात, हे पहिल्यांदा कोणाच्या डोळ्यात खुपलं असेल? बेसबॉलपुरतं माझं बोट ब्रुकलिनच्या विल्यम कॅमायरकडे जातं. विल्यम्सबर्ग भागात त्याचं एक तळं होतं. हिवाळ्यात ते गोठलं की लोक पैसे मोजून स्केटिंग करायचे. उन्हाळ्यात जागा नुसती पडून. व्यापारी माणूस, त्याला ते बघवेना. त्याने पाणी काढलं, जमीन सपाट केली, भोवती उंच फळ्या ठोकल्या आणि १५ मे १८६२ रोजी ‘युनियन ग्राउंड्स’ सुरू केलं. अमेरिकेत यादवी युद्ध पेटलेलं, इथे बँड वाजत होता. बायकांसाठी वेगळी लांबलचक शेड होती. शिवाय मैदानात, चक्क खेळाच्या हद्दीत, तीन मजली पॅगोडा! चेंडू त्याच्यामागे गेला की फिल्डरने प्रदक्षिणाच घालायची.

क्लबांना मैदान फुकट, बघ्यांना दहा सेंट. बेसबॉलचं हे पहिलं बंदिस्त मैदान.

शिवाजी पार्कच्या कट्ट्यावर बसून क्रिकेट बघितलेल्या माझ्यासारख्याला कॅमायरचा राग यायला हवा. येत नाही, कारण आधीचं ‘मोकळं’ मैदानही तितकंसं मोकळं नव्हतं. हडसन नदीपलीकडे होबोकनला एलिसियन फील्ड्स होतं. १९ जून १८४६ रोजी न्यूयॉर्कच्या निकरबॉकर बेसबॉल क्लबने तिथे २३-१ असा सपाटून मार खाल्ला. झाडं, हिरवळ, नदीचा वारा, तिकीट नाही. पण मॅनहॅटनहून यायचं तर फेरीबोट हवी. आणि जमीन स्टीव्हन्स घराण्याची, बोटीही त्यांच्याच! तिकीट होतंच की, फक्त धक्क्यावर फाडलं जायचं. पुढे तिथे मॅक्सवेल हाउस कॉफीचा कारखाना आला, तोही १९९२मध्ये बंद पडला. युनियन ग्राउंड्स तर १८८३मध्येच पाडलं. त्या जागेवर एका रेजिमेंटची आर्मरी, म्हणजे शस्त्रागार, उभी राहिली.

फळ्या ठोकताना कॅमायरला एक गोष्ट सुचली नसावी. दारावर गर्दी वाढली तशी ती खेळणाऱ्यांनाही दिसू लागली. घाम आमचा, गल्ला याचा? क्लबांनी वाटा मागितला, त्याला तो द्यावा लागला. पैसा आला म्हटल्यावर ‘हौशी’ खेळाडूंच्या खिशात गुपचूप पाकिटंही जाऊ लागली. सिनसिनाटीच्या रेड स्टॉकिंग्जनी ती चोरीही ठेवली नाही, सगळा संघच उघडपणे पगारावर घेतला. १५ जून १८६९ला ही पगारी मंडळी कॅमायरच्याच मैदानावर आली आणि न्यूयॉर्कच्या म्युच्युअल्सना ४-२ हरवून गेली.