तुम्ही विचारलंत म्हणून: वसुलीच्या संमतीपत्रावर सही करायची का?

निवृत्तीला तीन-चार महिने उरलेले असतात. सेवापुस्तक पडताळणीतून आक्षेप लागून परत येतं आणि आस्थापना विभाग एक छापील कागद पुढे सरकवतो: ‘जादा प्रदान झालेली रक्कम माझ्या ग्रॅच्युइटीतून वळती करण्यास माझी हरकत नाही.’ म्हणजे पगारात चुकून जास्त दिलेले पैसे निवृत्तीच्या रकमेतून कापायला संमती. वर तोंडी निरोप, सही नसेल तर पेन्शनचा प्रस्ताव हलणार नाही. अकृषी विद्यापीठांतले शिक्षकेतर कर्मचारी हा प्रश्न घेऊन येतात, हल्ली प्राध्यापकही. सही करायची का?

नाही. आधी हिशेब मागा. कोणत्या तारखेची वेतननिश्चिती चुकली, कोणत्या शासन निर्णयानुसार चुकली, महिनावार फरक किती, हे लेखी घ्या. मागूनही मिळत नसेल तर माहिती अधिकारात दहा रुपयांचा अर्ज करून सेवापुस्तकाची पानं, वेतननिश्चितीचे तक्ते आणि आक्षेपाची प्रत काढा. तीस दिवस जातात, म्हणून अर्ज आजच टाका. डिसेंबर 2018 मध्ये शिक्षकेतरांच्या आश्वासित प्रगती योजनेचे (पदोन्नती न मिळाल्यास ठरावीक सेवेनंतर वरची वेतनश्रेणी देणारी योजना) शासन निर्णय रद्द झाले, त्यातून निघालेली प्रकरणं तर अशी गुंतलेली आहेत की चूक कर्मचाऱ्याची नव्हतीच, एवढंच कागदावरून सिद्ध करायचं असतं.

कायद्याची बाजू बरीच भक्कम आहे. रफिक मसीह प्रकरणात 18 डिसेंबर 2014 रोजी सर्वोच्च न्यायालयाने वसुली कुठे करता येत नाही ते सांगितलं: वर्ग तीन आणि चारचे कर्मचारी, निवृत्त झालेले किंवा वर्षभरात होणारे, पाच वर्षांहून अधिक काळ चालत आलेलं जादा प्रदान, चुकीने वरच्या पदाचं काम करून घेऊन त्याचं वेतन दिलेलं असेल तर, आणि जिथे वसुली उघड अन्यायाची ठरेल तिथे. प्राध्यापक वर्ग तीनमध्ये बसत नाहीत, पण निवृत्तीचा मुद्दा त्यांनाही लागू पडतो. मे 2022 च्या थॉमस डॅनियल निकालातला कर्मचारी तर केरळमधला शिक्षकच होता.

मग हरतात कुठे? हमीपत्रावर. सर्वोच्च न्यायालयाच्याच जुलै 2016 च्या जगदेव सिंग निकालाने रफिक मसीहच्या भिंतीला खिडकी पाडली. सुधारित वेतनश्रेणी स्वीकारताना ‘जादा रक्कम मिळाल्यास परत करीन’ असं ज्याने लिहून दिलं, त्याला निवृत्तीचा बचाव मिळाला नाही. नवी वेतनश्रेणी निवडताना भरायच्या विकल्पाच्या नमुन्यात असं वाक्य असतं आणि ते न वाचताच सही होते. म्हणून सेवापुस्तकात सगळ्यात आधी हे हमीपत्र शोधा आणि त्याची तारीख पाहा. ते कोणत्या वेतनश्रेणीसाठी होतं आणि वसुली कोणत्या लाभाची आहे, याचा मेळ बसतो का ते तपासा. पैसे देतानाच घेतलेलं हमीपत्र वेगळं आणि निवृत्तीच्या दारात दबावाखाली घेतलेलं संमतीपत्र वेगळं. पण हा फरक न्यायालयात मांडत बसण्यापेक्षा संमतीपत्र दिलंच नाही तर बरं. सही केलीच असेल तर लगेच लेखी कळवा की ती प्रस्ताव अडवल्यामुळे, हरकत राखून केली आहे.

कार्यालय बहुधा 1982 च्या महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियमांतला 134-अ दाखवतं. त्यात वसुलीची तरतूद आहे हे खरं, पण बाजू मांडायची संधी देण्याची अटही त्याच नियमात आहे. नोटीस आलीच नसेल तर तिथेच बोट ठेवा. चौकशी चालू असताना ग्रॅच्युइटी रोखण्याचा नियम 130 पुढे केला तर विचारा, विभागीय चौकशी किंवा न्यायालयीन कार्यवाही कुठे चालू आहे? लेखापरीक्षणाचा आक्षेप म्हणजे चौकशी नव्हे.

आणखी एक गफलत फार महागात पडते. वसुली थांबली म्हणजे पगार पूर्ववत झाला, असं नाही. रफिक मसीह फक्त मागचे पैसे परत घेण्याला अडवतो. वेतन खाली आणून त्यावर पेन्शन ठरवायला अडवत नाही. याचिकेत ‘वेतनाची पुनर्निश्चिती (म्हणजे वेतन खाली आणणं) रद्द करा’ अशी वेगळी मागणी आणि तिचे वेगळे मुद्दे नसतील, तर वसुलीचे, समजा, चार लाख वाचतात आणि पेन्शन मात्र जन्मभर कमी मिळते.

जायचं कुठे? महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण विद्यापीठ कर्मचाऱ्यांसाठी नाही. विद्यापीठ व महाविद्यालय न्यायाधिकरणात अपील आहे ते बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनती अशा बाबींचं. वसुलीसाठी तिथे गेलात तर वेळ फुकट जातो. 2016 च्या महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठ कायद्याच्या कलम 79 खालच्या तक्रार निवारण समितीकडे अर्ज करता येतो, पण पैसे कापले जायची तारीख जवळ असेल तर तिची वाट पाहू नका. कुलसचिव आणि विभागीय सहसंचालक, उच्च शिक्षण या दोघांनाही निवेदन देऊन पोच घ्या आणि उच्च न्यायालयात राज्यघटनेच्या अनुच्छेद 226 खाली रिट याचिका दाखल करा, अंतरिम स्थगितीच्या मागणीसह. शिवाजी विद्यापीठातल्यांना ऑगस्ट 2025 पासून त्यासाठी मुंबई गाठावी लागत नाही. कोल्हापूरलाच उच्च न्यायालयाचं सर्किट बेंच आहे.

रक्कम आधीच कापली गेली असेल तर मागणीत परतावा आणि व्याज दोन्ही लिहा. पेन्शन कमी ठरल्याची तक्रार दरमहा नव्याने उभी राहते, पण उशीर केलात तर थकबाकी साधारणपणे याचिकेआधीच्या तीन वर्षांपुरतीच मिळते. सर्वोच्च न्यायालयाच्या 2008 च्या तरसेम सिंग निकालाने ती मर्यादा घातली आहे.