सात लेक की पाच?

"मामाजी, गोष्टी सांगून खरंच माणसं जोडली जातात का हो?"

दिवाळीत आमचे भाचजावई आले होते, त्यांनी विचारलं. पण हा प्रश्न काही नवा नाही. नोकरीत होतो तेव्हा नवीन लागलेले शिक्षक विचारायचे, आता निवृत्त होऊन अकरा वर्षं झाली तरी लग्नाच्या पंगतीत, एसटीत, कोणी ना कोणी विचारतंच. गुरुजी जातील तिथे लोक भोवती बसतात, काय जादू आहे, वगैरे. जादू काहीच नाही. मला बोलायची खोड आहे.

भाचजावई पुण्याला एका कंपनीत आहेत. तिथे म्हणे गोष्ट कशी सांगावी याचं दोन दिवसांचं प्रशिक्षण झालं. सुरुवात कशी करायची, कुठे थांबायचं, हात कसे हलवायचे. मी सगळं ऐकून घेतलं आणि म्हटलं, "जावईबापू, आणि ऐकायचं कसं, ते शिकवलं का?" ते हसले. त्यांना वाटलं मी टोमणा मारला. थोडा मारलाही होता. पण चहा संपला, त्यांची गाडीची वेळ झाली आणि उत्तर अर्धंच राहिलं. तुम्हीही तेच विचारलंत म्हणून आता पुरं सांगतो.

आमच्या घरात गोष्टीचा एक कायदा होता. ऐकणाऱ्याने दर वाक्याला 'हूं' म्हणायचं. हूं थांबला की गोष्ट थांबली. आबाजी, म्हणजे माझे आजोबा, लगेच विचारायचे, "झोपला काय बे?" आणि दुसरा कायदा आजीचा: दिवसा गोष्ट सांगायची नाही, मामा वाट चुकतो. त्यामुळे आमच्या गोष्टी रात्रीच्या, आणि त्यातही जागलीच्या.

आमचं गाव अमरावती जिल्ह्यातल्या मोर्शी तालुक्यातलं. आज चहूकडे संत्र्याचे बगिचे दिसतात, पण माझ्या लहानपणी आमच्या वावरात ज्वारी, तूर आणि हिवाळ्यात हरभरा असायचा. हरभरा घाट्यावर आला की रोही, म्हणजे नीलगाई, आणि रानडुकरं यायची. एका रात्रीत अर्धा एकर आडवा. म्हणून आबाजी जागलीला जायचे आणि मी त्यांच्या मागे गोधडी घेऊन. पऱ्हाट्यांची शेकोटी, हातात रिकामा डबा आणि काडी. दर थोड्या वेळाने डबा वाजवायचा, हाळी द्यायची. मधल्या वेळात गोष्ट.

आता गंमत ऐका. आमच्या धुऱ्याला, म्हणजे बांधाला, लागून ज्यांचं वावर होतं त्यांना मी बापू म्हणायचो. त्यांच्याशी आमचं बोलणं बंद होतं. कारण धुरा. त्यांचं म्हणणं, आम्ही वखर धरताना दरसाल एक तास, म्हणजे वखराची एक ओळ, त्यांच्याकडे सरकतो. आमचं म्हणणं नेमकं उलटं. तहसीलात तारखा चालू होत्या. दिवसा एका विहिरीवर पाणी प्यायला आले तरी दोघं एकमेकांकडे पाहत नसत. रात्री मात्र त्यांचीही जागल असायची, पन्नास पावलांवर, त्यांची वेगळी शेकोटी.

आबाजींचा आवाज मोठा होता. गोष्ट मला सांगत, पण ऐकू जाई शिवारभर. एका रात्री मला डुलकी लागली. माझा हूं थांबला. आबाजी म्हणाले, "अन् मंग राजानं वावर वाटलं. सात लेकाईले सात वाटे." मी गप्प. आणि अंधारातून, धुऱ्याच्या पलीकडून आवाज आला:

"हूं."

मी खडबडून जागा झालो. आबाजी क्षणभर थांबले, माझ्याकडे पाहिलं, आणि पुढे सांगू लागले, जसं काही झालंच नाही. गोष्ट अशी होती की सहा लेकांना चांगलं काळं वावर मिळालं आणि धाकट्याला काही उरलंच नाही. "धाकला म्हने, बाबा, मले काय? राजा म्हने, तुले धुरा." इथे पलीकडे बराच वेळ शांतता. शेकोटी तडतडली. मग हळूच, "हूं." पुढे धाकट्याने त्या धुऱ्यावर बोरी लावल्या, काळ पडला, सहा भावांचं वावर करपलं आणि सगळ्यांना धाकट्याच्या बोरांवर दिवस काढावे लागले.

त्यानंतर दोन हिवाळे असंच चाललं. दिवसा अबोला, रात्री हूं. एकदा ढगाळ रात्री डुकरांचा कळप त्यांच्या बाजूने आला तर आबाजी उठून त्यांच्या वावरात डबा वाजवत धावले. परत आले ते काही न बोलता गोधडीत शिरले. त्या गोष्टींनी वाद मिटवला असं मी म्हणणार नाही. वाद सरकारी मोजणीने मिटला. कोणाच्या बाजूने, ते सांगत नाही, कारण त्यांची नातवंडंही हे वाचतील.

आबाजी गेले तेव्हा तिसऱ्या दिवशी बापू आमच्या ओट्यावर येऊन बसले. कितीतरी वर्षांनी. बराच वेळ तंबाखू चोळत राहिले. मग मला म्हणाले, "तुया आबाजी ते गोष्ट चुकीची सांगे."

"कोणती?"

"राजाची. सात नाई, पाच लेक होते राजाले. अन् धाकल्याले वावर भेटलं होतं. मोठा भाऊ दरसाल एक तास सरकवे. सरकवता सरकवता धाकल्याजवळ निरा धुरा उरला. असी हाये ते गोष्ट."

घरात सुतक, आणि हा माणूस ओट्यावर बसून आमच्या मेलेल्या माणसाला खोटं ठरवतोय. मला राग यायला हवा होता. थोडा आलाही. पण तोंडातून निघालं ते "हूं". मग त्यांनी गोष्ट शेवटपर्यंत सांगितली. बोरी त्यांच्याही गोष्टीत होत्या.

यावर मी पुष्कळ विचार केला आहे. दोघांनी आपापली फिर्याद एकाच गोष्टीत घातली होती. तहसीलात जे एकमेकांना ऐकवता आलं नाही ते राजाच्या नावावर ऐकवलं. आणि जो माणूस तुमची गोष्ट दुरुस्त करायला येतो त्याने ती नीट ऐकलेली असते, हेही खरं. ज्याला तुमचं घेणंदेणं नाही तो म्हणेल, वा, छान होती.

ही रात्रीची भानगड फक्त आमच्याच शिवारातली नाही. पॉली विसनर नावाच्या एका मानवशास्त्रज्ञ बाईंनी आफ्रिकेतल्या कलाहारी वाळवंटात जु/होआन लोकांमध्ये राहून त्यांचं बोलणं टिपलं आणि २०१४ मध्ये ते मांडलं. दिवसा हे लोक बोलतात ते बहुतेक पोटापाण्याचं, नाहीतर तक्रारी आणि कुचाळक्या; गोष्टींचा वाटा जेमतेम ६ टक्के. रात्री शेकोटीभोवती तेच लोक, आणि ८१ टक्के बोलणं गोष्टींचं. हे वाचलं तेव्हा मला आजीचा मामा आठवला. दिवसा तारखा, रात्री राजा. तिकडेही तेच.

माझी पहिली नेमणूक मेळघाटात झाली, धारणीकडे. एकशिक्षकी शाळा. मुलं कोरकू बोलणारी, मी मराठीशिवाय काही न येणारा. दोन महिने मी बोलायचो आणि भिंती ऐकायच्या. एके दिवशी कंटाळून पुस्तक मिटलं आणि म्हातारी-भोपळ्याची गोष्ट सुरू केली. म्हातारी लेकीकडे निघाली, रस्त्यात तिला वाघ भेटला. वाघ म्हटल्यावर मी चार पायांवर झालो, गुरगुरलो. मागे बसलेली एक मुलगी शेजारणीला हळूच म्हणाली, "कुला."

मी म्हटलं, कुला? सगळा वर्ग ओरडला, कुला! मग वाघाचा वाघ राहिलाच नाही. आणि कुला झाल्याबरोबर मुलांचे आक्षेप सुरू झाले, अर्धे कोरकूत, अर्धे मोडक्या हिंदीत. कुला असा रस्त्यात उभा राहून बोलत नाही. म्हातारी "लेकीकडे जाऊन जाडजूड होऊन येते" म्हणाली आणि त्याने सोडली, हे तर कोणालाच पटेना. शेवटी एका पोराने उठून गोष्ट हातात घेतली. त्याच्या गोष्टीत मोहाखाली अस्वल बसलेलं होतं, फुलं वेचून खाणारं, आणि भोपळा फोडला तो अस्वलाने. बरोबरच आहे, मोह फुलला की अस्वल तिथेच असणार. मला निम्मं कळलं नाही. मी खाली बसलो आणि हूं, हूं करत राहिलो. त्या दिवसानंतर ती मुलं माझ्याशी बोलायला लागली. माझ्या सांगण्याने नाही हो; त्यांना माझं सांगणं मोडायला मिळालं म्हणून.

आमच्या तालुक्यातल्या रिद्धपुराचं नाव आता मराठी भाषा विद्यापीठामुळे तुम्ही ऐकलं असेल. मला ते गाव आवडतं म्हाइंभटांमुळे. महानुभाव पंथाचे चक्रधरस्वामी गेल्यानंतर, १२७८ च्या सुमाराला, या माणसाने स्वामींना पाहिलेल्या, ऐकलेल्या लोकांकडे जाऊन जाऊन आठवणी गोळा केल्या. तेच लीळाचरित्र. पुढे धामधुमीत मूळ पोथी हरवली आणि हिराइसेसारख्या पंथातल्या लोकांच्या पाठांतरातून ती परत उभी राहिली, असं महानुभाव परंपरा सांगते. पण माझा जीव अडकतो तो वेगळ्या गोष्टीत. एखादी लीळा दोन जणांनी वेगळी सांगितली तर पोथीत दोन्ही येतात, कोणाचा 'शोध', म्हणजे पाठ, कोणता ते नाव घालून. एकाला खरं आणि दुसऱ्याला खोटं ठरवून मोकळं व्हायची घाई नाही. सात लेकही राहतात, पाचही राहतात. आणि हो, कावळ्याचं घर शेणाचं ही आपली सगळ्यांची पहिली गोष्ट, तीही त्या पोथीत आहे.

शेंडगावचे गाडगेबाबा कीर्तनात प्रश्न विचारायचे आणि समोरच्या हजारो लोकांकडून उत्तर काढून घ्यायचे. नुसतं बसून राहायची सोय नव्हती. पोळ्याला तोरणाखाली झडत्या म्हणतात त्यातही तेच. एकजण गावाची उणीदुणी काढतो, आणि ज्याची काढली तोही शेवटी सगळ्यांबरोबर 'हर हर महादेव' करतो. करावंच लागतं.

उलटंही पाहिलंय. एखाद्या एकट्या बाईबद्दल गावात गोष्ट उठते, ती करणी करते, आणि सगळे हूं, हूं म्हणत जातात. अशाने गाव एक होतं खरं, पण त्या बाईच्या विरोधात. जादूटोणाविरोधी कायदा २०१३ मध्ये झाला. त्याआधी आणि नंतरही तिथे एकच माणूस लागायचा, "चुकीचं सांगतो बे" म्हणणारा. तो दरवेळी मिळाला असं नाही. एकदा तो मी असायला हवा होतो आणि मी नव्हतो. त्याबद्दल पुन्हा कधी.

आमच्या आळीत एक सून आहे. तिच्या नवऱ्याने कर्जापायी जीव दिला. त्यानंतर वर्षभर तिच्या दारात गाड्या येत. कोणी फॉर्म घेऊन, कोणी कॅमेरा घेऊन. प्रत्येकाला तिची गोष्ट हवी असायची. ती सांगायची, ते लिहून घ्यायचे, मान हलवायचे, जायचे. एकदा मला म्हणाली, "गुरुजी, सांगून सांगून माही गोष्ट झिजली. आता मलेच ते दुसऱ्याची वाटते." यावर काय बोलावं? आलेले लोक वाईट नव्हते. पण ते गोष्ट घेऊन जायला आले होते. परत कोणी फिरकलं नाही.

ती गावात गप्पच झाली होती. निंदणाला जायची, पात धरायची, घरी यायची. मग एका पावसाळ्यात, माझ्या बायकोने सांगितलेलं हे, सोयाबीनमध्ये निंदण चालू होतं आणि एका म्हातारीने तिच्याच नवऱ्याचा किस्सा काढला. पोळ्याच्या दिवशी तो सजवलेल्या बंडीवर उभा राहून मिरवत होता आणि बैल बुजले तसा थेट उकिरड्यात जाऊन पडला, नव्या धोतरासकट. बायका दबकून एकमेकींकडे पाहायला लागल्या. हिच्यासमोर काढायचा किस्सा आहे का हा? म्हातारीला त्याचं काही नाही. ती सांगतच होती.

तेवढ्यात ही खाली मान घालूनच म्हणाली, "पोळ्याले नाई व. करीच्या दिवशी."

"करीच्या?"

"करीच्या. अन् धोतर नाई, पँट होती. माह्या भावाची."

मग पातच्या पात हसली, आणि ती स्वतः हसली. बायको सांगते, पुढचे दोन तास ती तोच किस्सा नीट लावून देत होती. कोण कुठे उभं होतं, कोणी आधी पाहिलं, घरी आल्यावर सासू काय म्हणाली.

परवा भाचजावयांचा फोन आला. इकडचं तिकडचं बोलणं झालं. मग म्हणाले, "मामाजी, एक राहिलंच. त्या राजाला लेक नक्की किती?"

आमच्या घरी सात. धुऱ्यापलीकडे पाच.