श्रोतेहो म्हणायचं नाही

रविवारी संध्याकाळी सहा वाजता मी इथल्या एका हॉस्पिटलच्या तळमजल्यावर, लाँड्रीच्या बाजूच्या बिनखिडकीच्या खोलीत बसते, कानाला हेडफोन, समोर मिक्सर, भिंतीवर सेकंदकाट्याचं मोठं घड्याळ, आणि दोन तास रेडिओवर बोलते. फुकट. पगार शून्य, वरून पार्किंगचे पैसे स्वतःच्या खिशातून. नागपूरला कोणाला सांगितलं की पहिला प्रश्न ठरलेला, 'मग मिळते काय तुले?' आणि दुसरा, 'बीबीसीवर लागली का वं?' नाही हो, बीबीसीवर नाही लागले, सोमवार ते शुक्रवार मी इंग्लंडातल्या लेस्टरमध्ये एका गोडाऊनवाल्या कंपनीत बसून इनव्हॉइस जुळवते, तेच माझं पोट.

हॉस्पिटल रेडिओ हा प्रकार मला इथे येईपर्यंत माहीतच नव्हता. पेशंटच्या पलंगाजवळ हेडफोन असतो, आता मोबाईलवरही ऐकता येतं, आणि स्टेशन सगळं हौशी लोक चालवतात. यॉर्कच्या हॉस्पिटलात १९२५ साली हे सुरू झालं, म्हणजे आपल्याकडे आकाशवाणी हे नावही नव्हतं तेव्हा. शोच्या आधी वॉर्डात चक्कर मारायची, पलंगापलंगाशी जाऊन विचारायचं की कोणतं गाणं ऐकाल, चिठ्ठीवर लिहून घ्यायचं आणि खाली येऊन लावायचं. थोडक्यात आपली फर्माईश, फक्त पोस्टकार्डाऐवजी मीच चालत जाते.

आता मला याचा किडा कुठून लागला ते सांगते, कारण ते सगळं नागपूरचंच आहे.

आमचं घर मानेवाड्याला, आणि बाबा बुटीबोरीला एका कारखान्यात, बऱ्याचदा नाइट शिफ्ट. १९८८ च्या मे महिन्यात आकाशवाणीची राष्ट्रीय वाहिनी सुरू झाली, रात्रभर चालणारी. स्टुडिओ दिल्लीला पण ट्रान्समीटर आपल्या नागपूरजवळ, बुटीबोरीला, कारण आपण देशाच्या मधोमध, इथून फेकलं की चारी बाजूंना जातं. १ मेगावॉटचा ट्रान्समीटर, म्हणजे १००० किलोवॉट. बाबा म्हणायचे, आमच्या शेजारी एवढा मोठा भोंगा आहे का रेडिओ बंद केला तरी वाजंल. अख्ख्या कारखान्यात रात्री दोन वाजता मशीनची घरघर आणि बाबांच्या टेबलावर ट्रान्झिस्टर, आणि त्यातून कोणीतरी दिल्लीहून हळू आवाजात गझल सांगतंय. सकाळी घरी आले की चहा पिता पिता आम्हाला रात्रीच्या निवेदकाची नक्कल करून दाखवायचे. ती वाहिनी २०१९ च्या सुरुवातीला बंद केली, तोवर बाबा रिटायर होऊन बसले होते, पण चार दिवस घरात सुतक असल्यासारखे वागले, आईनेच मला फोनवर सांगितलं.

तर शाळेत असल्यापासून मला वाटायचं की आपण रेडिओवर बोलायचं. कॉलेजात असताना दुपारी सायकलवरून सिव्हिल लाइन्सला आकाशवाणी चौकातून उगाच चक्कर मारायची, नागपूर केंद्र १९४८ सालचं, गेटच्या आत मोठमोठी झाडं, आणि आत जाणारा प्रत्येक माणूस मला कोणीतरी थोर वाटायचा (त्यातले अर्धे बहुतेक वीजबिल आणि फाइली घेऊन जाणारे असतील). पुढे शहरातल्या एका ठिकाणी ऑडिशन दिली, कुठे ते जाऊ द्या. मजकूर वाचला, बरा वाचला, मग म्हणाले आता दोन मिनिटं मनानं बोला. मी नागपूरच्या उन्हाळ्यावर सुरू केलं आणि तिसऱ्याच वाक्यात 'कूलर सुरू आहे तरी घाम येऊनच राहिला' असं तोंडातून गेलं. काचेपलीकडचे साहेब हसले आणि म्हणाले, हे 'राहिला राहिला' घरी ठेवून या, मग बघू. मी परत गेलेच नाही. बी.कॉम. होतं, टॅली शिकले, लग्न झालं, लेस्टर.

खूप वर्षांनी एका मुलाखतीत ऐकलं की अमीन सयानींनाही आकाशवाणीच्या हिंदी ऑडिशनमध्ये नाकारलं होतं, उच्चारात गुजराती आणि इंग्रजीची छटा आहे म्हणून, त्यांनी स्वतःच हा किस्सा सांगितलाय. त्याच माणसाने १९५२ पासून रेडिओ सिलोनवर बिनाका गीतमाला अशी काही चालवली की बुधवारी रात्री लोक पानठेल्यावर घोळका करून उभे राहायचे. मला तेव्हा हे कळलं असतं तर मी निदान दुसऱ्यांदा गेले असते. असो.

लेस्टर हे रेडिओच्या बाबतीत साधं गाव नाही बरं का. बीबीसीचं पहिलं लोकल रेडिओ स्टेशन इथलं, ८ नोव्हेंबर १९६७. मग १९७२ मध्ये तिथला हुकूमशहा इदी अमीनने युगांडातून हाकललेले हजारो गुजराती-पंजाबी लोक इथे येऊन राहिले, आणि १९७६ साली याच स्टेशनने त्यांच्यासाठी संध्याकाळी सहाचा कार्यक्रम सुरू केला, त्याच रोपट्यातून पुढे बीबीसी एशियन नेटवर्क हे आशियाई लोकांसाठीचं स्टेशन झालं. त्यामुळे इथे बेलग्रेव्ह रोडवर मिठाईच्या दुकानात रेडिओ चालू असतो तेव्हा क्षणभर नागपूरच्या इतवारी बाजारात आल्यासारखं वाटतं, फक्त बाहेर पाऊस आणि आत गाठ्या.

हॉस्पिटल स्टेशनमध्ये मला शिकवायला एक रिटायर्ड आजोबा होते, चाळीस वर्षं पोस्टात काम आणि तीस वर्षं हा रेडिओ. पहिल्याच दिवशी मी माईकसमोर 'हॅलो एव्हरीवन' म्हटलं आणि त्यांनी हाताने थांबवलं. एव्हरीवन म्हणजे कोण? म्हणाले, ऐकणारी बाई एकटी पडलेली आहे, तिच्या खोलीत गर्दी नाही, तिला 'तुम्ही सगळे' म्हटलं की ती खिडकीबाहेर बघायला लागते. एकाच माणसाशी बोल. 'यू' म्हण.

मी घरी येऊन यावर दोन दिवस विचार करत होते, कारण आपल्याकडे तर सगळं बहुवचनातच आहे ना! श्रोतेहो, रसिकहो, मंडळी, मित्रांनो. अमीन सयानी तर 'बहनों और भाइयों' म्हणायचे, बहनों आधी, आणि तरी आमच्या आजीला वाटायचं की तो माझ्याशीच बोलतोय. मग आजोबांचा नियम खोटा का? मला वाटतं नाही, आणि खराही नाही. आपल्याकडे रेडिओ एकट्याने ऐकलाच कोणी? अंगणात एक सेट आणि चार घरं भोवती, तिथे 'श्रोतेहो' हेच बरोबर होतं. कानात हेडफोन घालून पलंगावर पडलेल्या माणसाला मात्र ते भाषणासारखं लागतं. एवढं मात्र खरं की मी अजूनही सुरुवात करताना मनात 'श्रोतेहो नमस्कार' म्हणते आणि मग तोंडाने इंग्रजी सुरू करते, त्याशिवाय आवाजच फुटत नाही.

दुसरी गोष्ट घड्याळ. लोकांना वाटतं निवेदकाचं काम म्हणजे गोड आवाज. आवाज दहा टक्के असेल, बाकी वजाबाकी. आमच्याकडे तासाच्या ठोक्याला बातम्या बाहेरून आपोआप येतात, तुम्ही काय बोलताय, लताबाई काय गातायत, त्याला काही घेणंदेणं नाही, सात वाजून शून्य सेकंद झाले की कापलं. म्हणून उलटी गणितं करायची, शेवटचं गाणं ३ मिनिटं ४२ सेकंदांचं असेल तर ते ६ वाजून ५६ मिनिटं १८ सेकंदांना सुरू झालंच पाहिजे, आणि त्याच्या आधीची बडबड त्यात बसली पाहिजे. बीबीसीवर तर तासाला सहा टुकटुक वाजतात, १९२४ पासून, शेवटचा लांब, आणि त्यांच्यावर बोलणं म्हणजे निवेदकाची मोठी नाचक्की, त्याला 'पिप्स क्रॅश करणं' म्हणतात. अकाउंट्सवाली असल्याने हे गणित मला लगेच जमलं, आजोबा खूश.

पण पहिल्या लाइव्ह शोला काय झालं, गणित जमलं आणि फेडर विसरला. गाणं सुरू केलं, माईकचा फेडर, म्हणजे आवाज कमीजास्त करायची सरकती पट्टी, खाली ओढायचा तो ओढलाच नाही, आणि कॉम्प्युटरवर पुढचं गाणं सापडेना म्हणून मी अगदी शुद्ध नागपुरीत स्वतःशी बोलले, 'काय बे हे, कुठं जाऊन राहिलं हे गाणं!' बीटल्सच्या गाण्यावर, सगळ्या वॉर्डांत. तिसऱ्या मजल्यावरची एक मल्याळी नर्स नंतर भेटली तर म्हणाली, ती नवीन भाषा छान वाटली. ज्या वाक्यरचनेपायी नागपुरात घरी जा म्हणाले होते तिला पहिलं कौतुक लेस्टरात, तेही मल्याळी बाईकडून. मी त्या रात्री गाडीत एकटीच हसत होते.

आजोबांचा देव म्हणजे रेडिओ निवेदक केन ब्रूस. स्कॉटिश माणूस, आधी अकाउंट्सच्या लाइनीत (हे ऐकून मी सरळ होऊन बसले), मग भाड्याच्या गाड्या धुवायचं काम, आणि रेडिओची सुरुवात ग्लासगोच्या हॉस्पिटल रेडिओवर. तिथून बीबीसी स्कॉटलंड, तिथून रेडिओ टू, आणि १९९२ ते २०२३ सकाळचा एकच शो, शेवटी शेवटी आठवड्याला ८० लाखांहून जास्त लोक ऐकायचे. त्याच्या शोमध्ये १९९८ पासून पॉपमास्टर नावाची गाण्यांची क्विझ, साडेदहा वाजले की ऑफिसातले लोक काम बाजूला ठेवायचे, आमच्या ऑफिसात मी हे डोळ्यांनी पाहिलंय, मॅनेजरसुद्धा. गाणं कोणत्या सालचं ते ओळखायचं आणि लोक हमखास एका वर्षाने चुकतात, म्हणून हरणाऱ्याला 'वन इयर आउट' असं छापलेला टी-शर्ट. मार्च २०२३ मध्ये त्याने बीबीसी सोडलं आणि एप्रिलमध्ये क्विझ बगलेत मारून व्यावसायिक स्टेशनवर गेला, वयाच्या बहात्तराव्या वर्षी! मग तीच क्विझ टीव्हीवरही आली. मला तो शो ऐकताना नेहमी वाटतं की हा माणूस विशेष काही बोलतच नाही. आणि तेच अवघड आहे, करून बघा.

पैशाचं म्हणाल तर वरचे दोन-चार लोक सोडले की या धंद्यात इथेही खडखडाटच, बहुतेक जण कंत्राटावर, आज शो आहे उद्या नाही. आणि बायकांचं तर विचारूच नका. समीरा अहमद नावाची टीव्ही निवेदिका आहे, तिला एका एपिसोडचे ४४० पौंड आणि तशाच दुसऱ्या कार्यक्रमाच्या पुरुष निवेदकाला ३००० पौंड, ती बीबीसीच्या विरोधात ट्रिब्युनलमध्ये, म्हणजे नोकरीच्या तंट्यांच्या कोर्टात गेली आणि जानेवारी २०२० मध्ये जिंकली. टीव्हीवर वरून कपड्यांचा ताण वेगळा. आपल्याकडे मुंबई दूरदर्शनवर स्मिता पाटील बातम्या द्यायच्या तेव्हा जीन्सवरच साडी गुंडाळून बसायच्या, कॅमेऱ्यात कंबरेखालचं दिसतंय कोणाला. मी तर स्लिपर आणि शाल, रेडिओचा हा फायदा.

मागच्या रविवारी वॉर्ड सातमध्ये एक गुजराती बा होत्या, ऐंशीच्या पुढच्या, युगांडातल्या कंपालाहून आलेल्या. फर्माईश विचारली तर म्हणाल्या, गाणं नको, तू नुसती बोल, इथे दिवसभर कोणी गुजरातीत बोलत नाही. मला गुजराती येतं बेलग्रेव्ह रोडवर भाजी घेण्यापुरतं. तरी शोमध्ये मी त्यांच्यासाठी दोन मिनिटं मोडकंतोडकं बोलले, काय बोलले तर आज मेथी काय भावाने होती आणि बाहेर बर्फ पडेल असं वाटतंय. 'तमे' म्हटलं, म्हणजे 'तुम्ही', एकीलाच. आजोबा काचेपलीकडून अंगठा दाखवत होते, त्यांना एक अक्षर कळलं नसणार.

रात्री घरी येते तर बाबांचा फोन. आमच्या संध्याकाळच्या सहा ते आठ म्हणजे सध्या नागपूरला रात्री साडेअकरा ते दीड, पण नाइट शिफ्टचा माणूस, मोबाईलवर लावून जागाच असतो, आई बाजूला झोपलेली. हॅलो नाही काही नाही.

'दुसऱ्या गाण्यावर बोलली तू.'

'बाबा, इकडे असंच असतं, गाणाऱ्याचा आवाज सुरू व्हायच्या आत थांबायचं, म्युझिकवर बोललं तर चालतं.'

'काहून चालते? वाजवणाऱ्यानं का फुकट वाजवलं?' मग थोडं थांबून, 'अन् ते यू यू कोणाले म्हणून राहिली होती? मले का?'

म्हटलं, नाही हो, वॉर्डातल्या पेशंटला.

'असं का,' म्हणाले. मग म्हणाले, ते दुसरं गाणं फोनवरच पुन्हा एकदा लाव, अन् या टायमाले बोलू नको.