शिद्वोचा भाला

पोलंडचा भालाफेकपटू यानुश शिद्वो याचे नाव जिथे निघते, तिथे बहुधा एकच गोष्ट सांगितली जाते: 1956 च्या मेलबर्न ऑलिंपिकमध्ये त्याने आपला भाला नॉर्वेच्या प्रतिस्पर्ध्याला वापरायला दिला आणि त्याच भाल्याने प्रतिस्पर्ध्याने सुवर्णपदक नेले. गोष्ट सुरेख आहे यात शंका नाही. परंतु तिच्यामुळे जवळजवळ वीस वर्षांची कारकीर्द एका उमद्या कृतीपुरती उरते, आणि हे मला पटत नाही. जुन्या स्पर्धांच्या निकालांचे तक्ते वाचत बसण्याचा मला नाद आहे. त्या तक्त्यांत शिद्वोच्या नावापुढचे जे आकडे मला अडवून ठेवतात, ते मेलबर्नचे नव्हेत, रोमचे आहेत.

शिद्वोचा जन्म 19 जून 1933 रोजी शोपिएनित्से येथे झाला. आज कातोवित्से शहरात सामावलेला हा भाग म्हणजे कोळशाच्या खाणी आणि जस्ताच्या भट्ट्यांचा सायलेशिया. वयाच्या एकोणिसाव्या वर्षी तो 1952 च्या हेलसिंकी ऑलिंपिकमध्ये उतरला, पण अंतिम फेरीपर्यंत पोहोचला नाही. पुढच्याच वर्षी, 1953 च्या ऑक्टोबरात, पूर्व जर्मनीतील येना येथे त्याने 80.15 मीटर फेक केली. अमेरिकेच्या बड हेल्डने ऐंशी मीटरची सीमा पहिल्यांदा ओलांडून तेव्हा जेमतेम दोन महिने झाले होते. युरोपातून तिथवर जाणारा शिद्वो पहिला. 1954 मध्ये बर्न येथे तो युरोपीय विजेता झाला. प्रशिक्षक झिग्मुंट शेलेस्ट यांच्या हाताखाली तयार झालेला हा खेळाडू तोवर पोलंडच्या त्या गाजलेल्या मैदानी संघाचा आधारस्तंभ बनला होता, ज्याला ‘वुंडरटीम’ (अद्भुत संघ) असे जर्मन नाव पडले आणि ज्याची बांधणी यान मुलाक यांनी केली.

1956 चा जून महिना भालाफेकीत विलक्षण गेला. फिनलंडच्या सोइनी निक्किनेनने 83.56 मीटरचा विश्वविक्रम केला, आणि तो पुरता जुना होण्याआधीच, सहाच दिवसांनी, 30 जूनला शिद्वोने मिलान येथे 83.66 मीटर फेक करून तो दहा सेंटिमीटरने मोडला. म्हणजे नोव्हेंबरात मेलबर्नला तो गेला तो विश्वविक्रमवीर म्हणून.

आता ती भाल्याची गोष्ट. त्या काळी भाल्याचा दांडा प्रामुख्याने लाकडी असे. फेकीच्या झटक्याने असा दांडा लवतो आणि हातातून सुटल्यावरही काही वेळ हवेत थरथरत राहतो. या थरथरीत खर्ची पडलेली ताकद अंतरातून वजा होते. पोलादी नळीचा भाला ताठ राहतो. वजन तेच, आठशे ग्रॅम. पण ज्याला तो टोकाच्या नेमक्या रेषेत सोडता येतो, त्याला तो अधिक देतो, आणि ज्याचा कोन जरासा चुकतो त्याला मुळीच माफ करत नाही. असे भाले तेव्हा नुकतेच येऊ लागले होते. शिद्वोकडे स्वीडनमध्ये बनलेला पोलादी भाला होता आणि तो त्याने नॉर्वेच्या एगिल डॅनिएल्सेनला वापरू दिला, असे सांगतात. डॅनिएल्सेनच्या पहिल्या तीन फेकी सामान्य होत्या. चौथी 85.71 मीटरवर जाऊन रुतली. शिद्वोला 79.98 मीटरवर रौप्यपदक मिळाले, आणि सोव्हिएत संघाचा व्हिक्तोर त्सिबुलेंको 79.50 मीटरवर तिसरा आला. त्या एका फेकीने शिद्वोचे सुवर्णपदक गेले आणि पाच महिनेही न टिकलेला विश्वविक्रमही दोन मीटरहून अधिक अंतराने गेला.

वाचणाऱ्याला हे दैवाचे फासे वाटतात. मला मात्र यात हळहळण्याजोगे फार दिसत नाही. स्पर्धेतला भाला इतरांना वापरू देणे हा या खेळातला शिष्टाचार आहे. आज तर नियमच असा आहे की खेळाडूने तपासणीसाठी जमा केलेला स्वतःचा भाला इतर स्पर्धकही वापरू शकतात. शिवाय तो भाला शिद्वोच्याही हाती होताच. फेक डॅनिएल्सेनची होती.

खरी चुटपुट रोमची. मधल्या काळात, 1958 मध्ये, स्टॉकहोम येथे पोलंडने युरोपीय अजिंक्यपद स्पर्धेत आठ सुवर्णपदके मिळवली आणि त्यांत 80.18 मीटर फेकून शिद्वोने आपले विजेतेपद राखले. 1960 च्या रोम ऑलिंपिकमध्ये तो सत्तावीस वर्षांचा, ऐन भरात होता. पात्रता फेरीत त्याने 85.14 मीटर फेक केली. अमेरिकेच्या अल कँटेलोच्या तेव्हाच्या विश्वविक्रमापेक्षा ती अवघी नव्वद सेंटिमीटर कमी होती. पण पात्रता फेरीतले अंतर अंतिम फेरीत धरले जात नाही. तिथे पाटी कोरी होते. अंतिम फेरीत त्सिबुलेंकोने 84.64 मीटर फेकले आणि बाकी कोणीही ऐंशी मीटर गाठू शकले नाही. शिद्वो 76.46 मीटरवर आठवा आला. एकाच मैदानावर, एकाच खांद्यातून निघालेल्या या दोन फेकींत पावणेनऊ मीटरांचे अंतर आहे, आणि पात्रतेची ती फेक अंतिम फेरीत पडली असती तर सुवर्णपदक अर्ध्या मीटरने त्याचे होते. मेलबर्नला त्याने ज्याला मागे टाकले होते, नेमका तोच जिंकला, हे आणखी एक.

इथे बहुतेक जण थांबले असते. भालाफेक खांद्याला आणि कोपराला फार काळ सोसत नाही. शिद्वो 1964 मध्ये टोकियोला गेला आणि 80.17 मीटरवर चौथा आला. कांस्यपदक चाळीस सेंटिमीटरने हुकले. 1968 मध्ये मेक्सिको सिटीला, आपल्या पाचव्या ऑलिंपिकमध्ये, तो सातवा आला. पुढच्या वर्षी अथेन्सच्या युरोपीय स्पर्धेत यानिस लुसिसने 91.52 मीटर फेकले, पाउली नेवालाने 89.58, आणि त्यांच्यामागे 82.90 मीटरवर कांस्यपदक घेणारा शिद्वो छत्तीस वर्षांचा होता. बर्नच्या सुवर्णपदकाला तेव्हा पंधरा वर्षे झाली होती.

2 ऑगस्ट 1993 रोजी वॉर्सा येथे त्याचे निधन झाले, आणि त्याच्या स्मरणार्थ सोपोत येथे मैदानी स्पर्धा भरवली जाऊ लागली. त्याची सर्वोत्तम फेक मात्र मिलानची नाही, रोमची तर नाहीच. ती 1970 मधली आहे: 86.22 मीटर. डॅनिएल्सेनच्या मेलबर्नच्या फेकीहून ती एक्कावन्न सेंटिमीटर लांब पडली.