विहिरीकाठचा गणेश

मामाच्या वस्तीवर विहिरीच्या काठाला डाळिंबाचं एक जुनं झाड आहे. एकाच बुडातून निघालेली चार खोडं, मनगटाहून जाड, सालीला भेगा. बाकी चार एकर बाग भगवा या वाणाची आहे. हे एकटंच गणेश वाणाचं. डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात मी गेले तेव्हा त्याच्यावर वीसेक फळं होती, पिवळट सालीची, एका बाजूला लाली चढलेली. मामानं एक तोडलं, विळ्यानं वरची टोपी काढली आणि दोन्ही अंगठ्यांनी उकलून माझ्या ओंजळीत दिलं. दाणे फिकट गुलाबी होते. "खा, आन् बी चावून बघ," म्हणाला. बी दाताखाली आल्याचं कळलंसुद्धा नाही.

"ह्याला आता मार्केटला कोण विचारत न्हाई. लोकान्ला लालच पायजे. पण माझ्यानं काढवत न्हाई बघ."

मी पुण्यात औंधला राहते. आमच्या घरापासून थोड्याच अंतरावर गणेशखिंडीची बाग आहे. १८७३ साली ती वनस्पती उद्यान म्हणून सुरू झाली, पुढे तिथे फळसंशोधन केंद्र आलं, आणि २०२० मध्ये राज्य सरकारनं तिला जैवविविधता वारसा स्थळ म्हणून जाहीर केलं. इतकी वर्षं मी तिच्या कुंपणाला लागून ये-जा करत होते. मामाच्या विहिरीवरचं झाड तिथूनच आलेलं आहे, आणि त्याचं 'गणेश' हे नावही त्याच बागेवरून पडलेलं आहे, हे मला फार उशिरा कळलं. कळल्यावर मात्र राहवेना. तीन दिवसांची रजा काढली आणि स्वारगेटहून सोलापूरची एसटी धरली.

भिगवणपाशी उजनीचं पाणी दिसलं की मला माहेरच्या वाटेला लागल्यासारखं वाटतं, खरं तर हे माझ्या आईचं माहेर. टेंभुर्णीपर्यंत ऊसच ऊस. मोहोळकडे सरकलं की जमिनीचा रंग बदलतो, माळ उघडा पडतो, आणि मालदांडी ज्वारीची ताटं दिसायला लागतात. साडेपाचशे मिलिमीटरच्या आसपास पावसाचा हा जिल्हा, तोही पाऊस दरवर्षी वेळेवर येईल याची खात्री नाही. अशा मुलखात फळबाग उभी राहिली ती डाळिंबानं. पाणी कमी असलं तरी हे झाड तग धरतं. उलट बहार धरायचा तर त्याला मुद्दाम ताण द्यावा लागतो. पाणी तोडायचं, पानगळ करायची, छाटणी घ्यायची, मग खत घालून पाणी सोडायचं, की कळी फुटते. दुष्काळाची सवय असलेल्या माणसांना या झाडाचा स्वभाव पटकन उमगला असणार.

आता ज्या माणसासाठी मी हा प्रवास केला त्याच्याविषयी.

डॉ. जी. एस. चीमा. आडनाव पंजाबी, पण काम सारं आपल्या मातीतलं. जुन्या मुंबई इलाख्याच्या सरकारचे ते उद्यानविद्यातज्ज्ञ होते आणि गणेशखिंडीच्या केंद्रात काम करत होते. १९३६ साली त्यांनी 'आळंदी' नावाच्या स्थानिक डाळिंबाच्या रोपांतून एक झाड निवडलं. तेव्हा त्याला नुसता क्रमांक होता, जीबीजी-१. 'गणेश' हे नाव १९७० मध्ये मिळालं. आळंदीचं फळ चवीला चांगलं, रंगाला गडद, पण बी कठीण. चीमांना मऊ बियांचं झाड सापडलं. वाचायला हे एका ओळीत संपतं. करायला किती वेळ लागत असेल याचा मी एसटीत बसून हिशोब मांडत होते. डाळिंबाचं बी पेरलं तर रोप आईबापांसारखं निघेलच असं नाही. प्रत्येक रोप वेगळं. त्याला फळ धरायला तीन-चार वर्षं. मग एकेका झाडाचं फळ फोडायचं, चव घ्यायची, बी चावायची, वहीत लिहायचं, आणि पुढच्या बहाराला पुन्हा तेच, कारण एका वर्षीची गोडी पुढच्या वर्षी टिकते की नाही ते पाहायचं असतं. शेकडो कठीण बिया चावून झाल्यावर एके दिवशी दाताला मऊ बी लागली असेल. तो दिवस डोळ्यांपुढे आणायचा मी पुन्हा पुन्हा प्रयत्न करते.

एकदा झाड निवडलं की मग बी पेरायचं नाही. फांदीला गुटी बांधायची, म्हणजे थोडी साल काढून तिथं ओलं शेवाळ गुंडाळायचं, मुळं फुटली की फांदी वेगळी करायची. म्हणजे मामाच्या विहिरीवरचं झाड हे चीमांनी निवडलेल्या त्या झाडाचं नातवंड-पतवंड नाही, गुटीमागून गुटी बांधत इथवर आलेलं ते तेच झाड आहे. हे लक्षात आलं तेव्हा माझ्या अंगावर काटा आला.

आळंदी हे नाव वाचून मला वारीच आठवली. माझी आजी मोहोळहून पंढरपूरला जायची. आळंदीहून निघालेली पालखी याच जिल्ह्यात येऊन टेकते, आणि आळंदी नावाच्या डाळिंबाचं पुढचं पाऊलही इथेच येऊन स्थिरावलं. सांगोला, पंढरपूर, मंगळवेढा, माळशिरस, मोहोळ. नव्वदीच्या दशकात या तालुक्यांतल्या कित्येक घरांवर गणेशच्या पैशानं स्लॅब पडला. मामाच्याही.

दुसऱ्या दिवशी मामाच्या मोटारसायकलवर मागं बसून केगावला गेले. पुण्याकडून सोलापुरात शिरताना विद्यापीठाच्या परिसरातच राष्ट्रीय डाळिंब संशोधन केंद्र लागतं. ते २००५ साली सुरू झालं. तो काळ तेल्याचा होता. तेल्या म्हणजे जिवाणूजन्य करपा. पानावर तेलकट काळे डाग पडतात, फांदीला लागला तर फांदी मोडते, फळावर डाग पडून ते तडकतं. त्याला जबाबदार झँथोमोनास हा जिवाणू पावसाच्या थेंबांसरशी एका झाडावरून दुसऱ्यावर उडतो, छाटणीच्या कात्रीवरून जातो, आणि सगळ्यात वाईट म्हणजे रोगट बागेतून आणलेल्या गुटीतून नव्या बागेत शिरतो. देशात त्याची पहिली नोंद १९५२ सालची, दिल्लीची. आपल्याकडे मात्र त्यानं या शतकाच्या सुरुवातीला हाहाकार केला. मामानं दोन एकर गणेश त्या वेळी मुळासकट उपटला. उपटलेली झाडं बांधावर नेऊन जाळली. आई सांगते, त्या रात्री तो जेवला नव्हता. विहिरीकाठचं झाड बागेपासून लांब होतं म्हणून वाचलं.

केंद्रात एका शास्त्रज्ञांनी आम्हाला बराच वेळ दिला. मामाचे प्रश्न सगळे खोडाला भोकं पाडणाऱ्या पिनहोल बोररचे आणि मर रोगाचे होते, कारण गेल्या काही वर्षांत सांगोल्याकडच्या बागा त्यानंच गेल्या. माझे प्रश्न वंशावळीचे. राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठानं गणेशचा संकर गुल-ए-शाह रेड या रशियन वाणाशी केला. गणेशची मऊ बी आणि रशियन वाणाचा लाल रंग एका झाडात आणायचा, हा त्यामागचा विचार. त्यातूनच मृदुला आला, आरक्ता आला, आणि २००३-०४ च्या सुमारास भगवा. जाड, चकचकीत सालीचा हा भगवा लांबच्या प्रवासाला टिकतो. २०२० च्या डिसेंबरात शेतमाल नेणारी देशातली शंभरावी किसान रेल सांगोल्याहून पश्चिम बंगालमधल्या शालिमारला निघाली, त्यामागेही या टिकाऊपणाचा मोठा वाटा आहे असं मला वाटतं.

पुढचा धागा खुद्द केगावचा. २०१७ मध्ये या केंद्रानं 'सोलापूर लाल' हे वाण दिलं. भगव्यात शंभर ग्रॅम दाण्यांमागं लोह साधारण ३ मिलिग्रॅम, तर सोलापूर लालमध्ये ५.६ ते ६.१. जस्त आणि क जीवनसत्त्वही भगव्यापेक्षा जास्त. रक्तक्षय असलेल्या बायका आपल्याकडे घरोघर आहेत, त्यामुळे हा आकडा मला फार मोलाचा वाटला. त्याची वंशावळ मी वहीत उतरवून घेतली. एका बाजूला भगवा. दुसऱ्या बाजूला गणेश आणि 'नाना' या बुटक्या शोभेच्या डाळिंबाचा संकर, त्याचा पुन्हा हिमालयातल्या 'दारू' नावाच्या आंबट रानडाळिंबाशी संकर. मी वहीकडं बघत राहिले. भगव्याच्या घरातही गणेश आहे आणि दुसऱ्या घरातही गणेश आहे. सोलापूर लालला चीमांचं झाड आईकडूनही लागतं आणि बापाकडूनही.

बाहेर आल्यावर मामाला हे समजावून सांगितलं. तो गाडीला किक मारायचं विसरून ऐकत राहिला. मग म्हणाला, "म्हंजी आपलं आजोबाच की गं विहिरीवर."

संध्याकाळी सोलापुरात नव्या पेठेत फिरलो. गड्डा यात्रा तोंडावर आलेली, सिद्धेश्वरांच्या देवळाकडच्या रस्त्यांना गर्दी होती. एका हातगाडीवर पेरू होते, थोडे खडबडीत सालीचे, आत पांढरेशुभ्र. फळवाल्याला विचारलं कुठले, तर म्हणाला, "सरदार हायेत ताई." सरदार म्हणजे लखनौ-४९. तीसुद्धा चीमांचीच निवड, गणेशखिंडीतलीच, १९२७ सालची. द्राक्षांतही 'चीमा साहेबी' नावाचं वाण होतं, पंढरी साहेबीच्या रोपांतून निवडलेलं, बिनबियांच्या द्राक्षांचं राज्य येण्याआधी आपल्याकडे त्याच्या बागा असत. आंबा युरोपला पाठवून १९३२ आणि १९३३ मध्ये काय अनुभव आले त्याचा अहवाल त्यांनी लिहिला, आंबा शीतगृहात किती टिकतो याचे प्रयोग केले, आणि १९५४ मध्ये भट आणि नाईक यांच्यासोबत भारतातल्या व्यापारी फळांवर मोठा ग्रंथ काढला. हे सगळं करणाऱ्या माणसाचं नाव त्या हातगाडीपाशी उभ्या असलेल्या आम्हा दहा जणांत एकट्या मला ठाऊक होतं, आणि तेही दोन महिन्यांपूर्वीपर्यंत नव्हतं. याचं मला मनापासून वाईट वाटतं. शाळेत आम्ही लढायांच्या सनावळ्या पाठ केल्या. रोज खातो तो पेरू कुणी निवडला हे कुणी सांगितलं नाही.

तिसऱ्या दिवशी सकाळी बार्शी रस्त्यानं नान्नजला गेलो. माळढोक पक्ष्यासाठी राखलेलं गवताळ रान रस्त्याला लागून आहे. माळढोक दिसला नाही, आता तो दिसणं फार दुर्मीळ. काळवीट मात्र दिसले. पण मला नान्नजला यायचं होतं ते द्राक्षबागायतदार नानासाहेब काळे यांच्या गावाला पाय लावायला. त्यांच्याजवळ ना सरकारी केंद्र होतं ना प्रयोगशाळा. थॉम्पसन जातीच्या द्राक्षवेलीवर वेगळी लांबट मण्यांची फांदी त्यांच्या नजरेनं टिपली, तिची काडी वाढवली, आणि सोनाका ही द्राक्षाची नवी जात झाली. सोलापूर, नान्नज, काळे या तीन नावांची पहिली अक्षरं म्हणजे सोनाका. काळी शरद सीडलेससुद्धा त्यांचीच. रस्त्याकडेच्या मांडवाखाली मी वाकून पाहिलं, मणी अजून हिरवे, टणक होते. चीमांची नजर आणि या शेतकऱ्याची नजर एकाच जातीची होती. हजार सारख्या दिसणाऱ्या फांद्यांत एक वेगळी आहे हे ओळखायचं, आणि तिच्यामागं वर्षानुवर्षं लागायचं.

निघायच्या आधी मामापाशी विषय काढला. त्या झाडाची एक गुटी मला हवी होती. गच्चीवर मोठ्या पिंपात लावीन म्हणाले. मामानं लगेच हो म्हटलं नाही. गुटीतून तेल्या पसरतो हे केगावला ऐकलेलं त्याच्या डोक्यात पक्कं बसलं होतं. तो झाडाकडं गेला, चष्मा कपाळावर सरकवला आणि एकेक फांदी उन्हाकडं धरून पानांच्या खालच्या बाजू बघत राहिला. मीही दुसऱ्या बाजूनं बघू लागले. अर्धा तास तरी गेला असेल. मामी चहाला हाक मारत होती.

"आत्ता डाग न्हाई," तो शेवटी म्हणाला. "पण थंडीत तेल्या दबूनच ऱ्हातो. पावसाळा लागू दे. मिरगाचे दोन पाऊस पडले की परत बघतो. स्वच्छ निघालं तर आषाढात ये, बांधू गुटी. डाग दिसला तर मात्र न्हाई, काय?"

"बरं," म्हटलं.

"आन् येताना पुण्यातनं शेवाळ घेऊन ये. इथलं लई लवकर सुकतंय."

पिशवीत पाच फळं, मामीची शेंगाचटणी आणि कडक भाकऱ्या घेऊन मी मोहोळ स्टँडवर उतरले.