तुम्ही विचारलंत म्हणून: मार्लन रिग्जच का?

वर्कशॉप संपलं की कोणीतरी विचारतंच, सर, रेसिझमवर एकच डॉक्युमेंटरी बघायची तर कुठली? आणि मी दरवेळी अमेरिकन दिग्दर्शक मार्लन रिग्जची 'एथ्निक नोशन्स' सांगतो. मग चेहरे पडतात, कारण १९८७ची फिल्म, तीही जेमतेम तासाभराची, आणि माणसाचं नाव कोणी ऐकलेलं नसतं. मग पुढचा प्रश्न: हाच का?

लोकांना मोर्चे, पोलीस, लाठ्या असं काहीतरी हवं असतं. इथे आहेत बिस्किटांच्या बरण्या, खेळणी, जाहिराती, कार्टून्स. काळ्या माणसाचे जाडे ओठ न् वटारलेले डोळे काढलेल्या या वस्तू अमेरिकन घरांत पिढ्यान्‌पिढ्या कौतुकाने मांडलेल्या होत्या. आणि रिग्ज हळूहळू दाखवतो की गुलामगिरी होती तोवर चित्रातला काळा माणूस नाचरा, खुशालचेंडू, मालकाच्या सावलीत सुखी, म्हणजे सोडवायचं कशाला याला? १८६५ला गुलामगिरी गेली, पुढे त्याला मतदानाचा हक्क मिळाला, आणि तोच माणूस चित्रात एकदम राक्षस झाला, गोऱ्या बायकांच्या मागे लागलेला. १९१५चा 'बर्थ ऑफ अ नेशन' हा सिनेमा याच साच्यातला.

बर्ट विल्यम्स नावाचा नट स्वतः काळा, तरी स्टेजवर जाताना जळक्या बुचाची काजळी तोंडाला फासायचा, कारण प्रेक्षकांना तसाच काळा हवा होता. मला अजूनही हे पचत नाही. आणि फिल्मचं निवेदन कोणाचं, तर एस्थर रोल या काळ्या अभिनेत्रीचं. बाई टीव्हीवर मोलकरणीच्याच भूमिकेमुळे घरोघरी पोचलेल्या!

पण माझं खरं कारण पुढच्या फिल्म्स आहेत. रिग्ज काळा होता आणि गे होता. 'टंग्ज अनटाइड'मध्ये (१९८९) त्याने कॅमेरा स्वतःवरच वळवला. गोऱ्या गे लोकांच्या वस्तीत तो कोणाला दिसतच नाही, आणि आपल्याच काळ्या लोकांत त्याच्यावर जोक होतात, दोन्हीकडून मार. १९९१मध्ये ती पब्लिक टीव्हीवर लागणार म्हटल्यावर बऱ्याच स्टेशन्सनी दाखवायलाच नकार दिला, आणि पुढच्या वर्षी पॅट ब्युकॅनन या रिपब्लिकन नेत्याने आपल्याच पक्षाचे राष्ट्राध्यक्ष थोरले बुश यांच्याविरुद्धच्या प्रचारात तिचे तुकडे वापरले. शेवटची 'ब्लॅक इज... ब्लॅक एन्ट' करताना त्याला एड्स झालेला, हॉस्पिटलच्या खाटेवरून बोलतो, आणि विचारतो काय, तर 'खरा काळा' कोण हे ठरवणारे तुम्ही कोण? हे गोऱ्यांना नाही बरं का, आपल्याच माणसांना. अन्याय झालेल्यांच्या बाजूने बोलता बोलता त्यांनाच असं विचारायची हिंमत फार कमी जणांत असते. १९९४ला तो गेला, ३७ वर्षांचा होता, फिल्म सहकाऱ्यांनी पुरी केली.

आपल्याला काय घेणं, असंही विचारतात. अहो, जोतीरावांनी १८७३ला 'गुलामगिरी' अर्पण केली तीच मुळी गुलामी मोडणाऱ्या अमेरिकेतल्या लोकांना. आणि आपल्या कॉमेडीत रंगावरून होणारे जोक आठवा, कोण हसतं त्यावर? आपणच की.

तर सुरुवात 'एथ्निक नोशन्स'पासूनच करा. 'टंग्ज अनटाइड' सावकाश, एकट्याने बघा, जेवताना सगळ्या घरासमोर लावू नका, मग मला शिव्या देत बसाल.