सीपीयू अर्धा मोकळा, तरी रिक्वेस्ट रांगेत

डॅशबोर्डवर सीपीयू ५० टक्के दिसतोय, एका रिक्वेस्टच्या प्रत्यक्ष कामाला सरासरी २० मिलिसेकंद लागतायत असं दिसतंय, आणि तरी युजर म्हणतायत साइट स्लो आहे. बॅकएंडवर काम करणाऱ्या बऱ्याच जणांनी हे बघितलेलं असतं. मग कोणी म्हणतं नेटवर्क असेल, कोणी म्हणतं डेटाबेस बघा, आणि शेवटी अजून दोन सर्व्हर लावून विषय मिटवला जातो. पण याचं उत्तर क्यूइंग थिअरीत, म्हणजे रांगांच्या गणितात, १९३० पासून लिहून ठेवलंय आणि ते इतकं सुंदर आहे की मला वाटतं कॉलेजात एम/एम/वन (एका सर्व्हरच्या रांगेचं सगळ्यात साधं मॉडेल) चे फॉर्म्युले घोकायला लावण्याआधी हे एक गणित फळ्यावर करून दाखवायला हवं.

चला करूच. एक सर्व्हर घ्या, एका वेळी एकच काम करणारा, जो आधी आला त्याचं आधी. सेकंदाला सरासरी २५ रिक्वेस्ट येतायत, कधीही, एकमेकांशी संबंध नसलेल्या, म्हणजे पॉइसाँ पद्धतीने. पहिल्या केसमध्ये प्रत्येक रिक्वेस्टला बरोबर २० मिलिसेकंद लागतात, सर्व्हर ५० टक्के बिझी, आणि रांगेत थांबायचा सरासरी वेळ येतो १० मिलिसेकंद. कोणाची तक्रार नाही.

दुसऱ्या केसमध्ये १०० पैकी ९९ रिक्वेस्ट १० मिलिसेकंदात होतात आणि एक जी असते, समजा कोणीतरी वर्षभराचा रिपोर्ट मागितला, तिला पूर्ण १ सेकंद लागतो. सरासरी काढा, १९.९ मिलिसेकंद, म्हणजे तीच. सीपीयू तोच, ५० टक्के. पण रांगेतला सरासरी वेळ आता साधारण २५० मिलिसेकंद! पंचवीस पट, आणि डॅशबोर्डवरचे दोन्ही आकडे जागचे हललेले नाहीत.

हे का होतं ते फॉर्म्युल्याशिवायही कळतं. मोठी कामं शंभरात एकच असली तरी सर्व्हरचा जेवढा वेळ कामात जातो त्यातला निम्मा वेळ तीच खातात, म्हणून तुम्ही कधीही आलात तरी साधारण चारात एकदा आत मोठं काम चालू सापडणार आणि ते संपायला सरासरी अजून अर्धा सेकंद असणार. बसस्टॉपवर आपण नेहमी मोठ्या गॅपमध्येच सापडतो ना, तसंच, गॅप मोठी असते म्हणूनच आपण तिच्यात सापडायची शक्यता जास्त असते. वर त्या एका सेकंदात २५ जण मागे येऊन उभे राहतात, आणि त्यांच्या मागे येणाऱ्यांना त्यांचंही निस्तरायचं असतं.

फेलिक्स पोलाचेकने १९३० मध्ये आणि अलेक्सांद्र खिंचिनने १९३२ मध्ये हे सूत्रात बसवलं. थांबायचा वेळ म्हणजे येण्याचा दर गुणिले कामाच्या वेळाच्या वर्गाची सरासरी, आणि त्या सगळ्याला भागिले (दोन गुणिले सर्व्हरचा मोकळा हिस्सा). यातला वर्ग महत्त्वाचा, कारण काम शंभरपट लांबलं की त्याचा त्रास दहा हजारपट होतो, आणि साधी सरासरी त्यातलं काहीच दाखवत नाही.

आता मला यात सगळ्यात जास्त आवडणारी गोष्ट. सरासरी नेहमीच फसवते असं अजिबात नाही. या शास्त्राची सुरुवात ज्याने केली तो आग्नर क्रारुप एर्लांग, डेन्मार्कचा, १९०८ मध्ये कोपनहेगनच्या टेलिफोन कंपनीत लागला, १९०९ मध्ये फोन कॉल पॉइसाँ पद्धतीने येतात हे मांडलं आणि १९१७ मध्ये किती लाइन ठेवल्या तर किती कॉल परत जातील याचं सूत्र दिलं. सरासरी १० लाइन बिझी राहतील एवढं काम येत असेल आणि लाइनही १० च ठेवल्या तर २१ टक्के कॉल परत जातात, १ टक्क्याच्या आत आणायचं तर १८ लाइन लागतात. आणि या सूत्रात कॉल कसे लांबआखूड आहेत याने काही फरकच पडत नाही, फक्त सरासरी लांबी पुरते! कारण तिथे रांगच नाही, लाइन नसली की कॉल सरळ कट, कोणी कोणाच्या मागे अडकत नाही.

म्हणजे दोष मोठ्या कामाचा नाहीये, त्याच्या मागे अडकण्याचा आहे. हे लक्षात आलं की उपायही दिसतो. सर्व्हरने एकच काम पूर्ण करत बसण्याऐवजी सगळ्यांना थोडा थोडा वेळ वाटून दिला, ऑपरेटिंग सिस्टिम करते तसा टाइम शेअरिंग, तर ५० टक्के लोडवर प्रत्येक कामाला सरासरी त्याच्या स्वतःच्या वेळाच्या दुप्पट लागतात. १० मिलिसेकंदवाल्याला २०, सेकंदवाल्याला २ सेकंद, बास. कामांचा पसारा कसाही असो, हेच उत्तर. लिओनार्ड क्लाइनरॉकने १९६७ मध्ये टाइम शेअरिंगचं हे गणित मांडलं, आणि मला हे अजूनही कमाल वाटतं की फक्त वाटपाची पद्धत बदलली की त्याच सर्व्हरवर छोट्या रिक्वेस्टचा एकूण वेळ साधारण २६० मिलिसेकंदांवरून २० वर येतो.

पण थ्रेड पूल (एका वेळी किती रिक्वेस्ट हातात घ्यायच्या याची ठरलेली मर्यादा) छोटा असेल किंवा डेटाबेस कनेक्शन मोजकी असतील तर ही वाटणी तिथपर्यंत पोचतच नाही, खालची ऑपरेटिंग सिस्टिम कितीही न्यायाने वागली तरी वर आपण परत रांगच लावलेली असते. मग जड कामं वेगळ्या क्यूत, वेगळ्या वर्करवर टाकायची. वरच्या उदाहरणात रिपोर्ट बाजूला काढले तर छोट्या रिक्वेस्टचं थांबणं २ मिलिसेकंदांच्याही खाली जातं. नवीन मशीन लागतंच, पण ते नुसतं लोड बॅलन्सरमागे, म्हणजे सगळ्या प्रकारच्या रिक्वेस्ट सर्व्हरमध्ये वाटून देणाऱ्याच्या मागे, लावणं आणि असं लावणं यात खूप फरक आहे.

एक मात्र, हे सगळं रिक्वेस्ट एकमेकींशी संबंध न ठेवता येतात यावर उभं आहे. रेल्वेचं तत्काळ बुकिंग एसीला १० वाजता उघडतं, तिथे सगळा देश घड्याळ बघून एकाच सेकंदाला बटण दाबतो, ते पॉइसाँ नाहीच, तिथे वेगळं गणित लागतं. रोजच्या साध्या ट्रॅफिकला मात्र हे चालतं. तुमच्या लॉगमधून प्रत्येक रिक्वेस्टला प्रत्यक्ष कामात लागलेला वेळ काढा, रांगेतला नाही, त्याचे वर्ग करून सरासरी घ्या आणि सरासरीच्या वर्गाने भागा. १ च्या आसपास आलं तर सगळी कामं जवळपास सारखीच आहेत. वरच्या रिपोर्टवाल्या उदाहरणात ते २५ च्या वर येतं.